यात गोष्ट कुठे आहे?

2019 च्या महापुरानंतरच्या हिवाळ्यात सांगली भागातल्या एका महाविद्यालयात लघुपटांची स्पर्धा भरली होती. परीक्षक तिघे, तिघेही मराठीचे प्राध्यापक. त्यांतला एक आमच्यातलाच. आलेले बहुतेक लघुपट ठरल्या वाटेने जाणारे होते. व्यसनमुक्ती, हुंडा, मोबाइलचे दुष्परिणाम. शेवटी पडद्यावर एक सुभाषित आणि मागे बासरी. एक मात्र वेगळा होता. बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला असलेल्या एका मुलीने पुराच्या दिवसांत दुसऱ्या मजल्यावरच्या खिडकीच्या गजाला सुतळीने फोन बांधून ठेवला होता आणि दर अर्ध्या तासाने खालच्या गल्लीचे एकेक छायाचित्र घेतले होते. वीज गेलेली, त्यामुळे मधल्या वेळात फोन बंद ठेवायचा आणि वेळ झाली की सुरू करायचा. चार दिवसांची ती छायाचित्रे एकापुढे एक लावून दीड मिनिटाची फीत झाली होती. पाणी समोरच्या घराच्या पायऱ्या एकेक करून चढते. एक स्कूटर बुडत जाते, तिचा आरसा तेवढा काही क्षण वर राहतो. रात्रीच्या चौकटी जवळजवळ काळ्या. एखाद्या चौकटीत कुणाच्या तरी विजेरीचा ठिपका. संवाद नाही, संगीत नाही. शेवटी पाणी उतरते आणि समोरच्या भिंतीवर पुरुषभर उंचीवर एक तपकिरी रेघ उरते.

परीक्षकांच्या बैठकीत प्रश्न आला : "यात गोष्ट कुठे आहे?" पाठोपाठ दुसरा : "संदेश काय?" पहिले पारितोषिक व्यसनमुक्तीला गेले. निकालपत्रावर तीन सह्या झाल्या, त्यांत आमच्यातल्याचीही एक होती. ती सही आम्हाला आजही टोचते आणि हा लेख लिहिण्याचे निमित्तही तीच आहे. दोष त्या दोन सहपरीक्षकांचा आहे असे आम्ही मानत नाही. तो प्रश्न त्यांचा एकट्याचा नव्हताच. मराठी साहित्याच्या अध्यापनाने गेली कित्येक दशके आपणा सर्वांच्या तोंडी बसवलेला तो प्रश्न आहे. आमचा वाद त्या प्रश्नाशी आहे.

मराठी माणसाने हाती चित्रपटाचा कॅमेरा घेऊन पहिल्यांदा जे केले, त्यातही गोष्ट नव्हती. 7 जुलै 1896 रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंच्या हलत्या चित्रांचा खेळ झाला. त्याने भारावलेले छायाचित्रकार हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांनी विलायतेहून कॅमेरा मागवला आणि 1899 मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये एक कुस्ती चित्रित केली. मल्ल होते पुंडलीक दादा आणि कृष्णा न्हावी. पुढे त्यांनी माकडवाल्याचा खेळ टिपला आणि डिसेंबर 1901 मध्ये केंब्रिजहून सीनियर रँग्लर होऊन परतलेल्या रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे यांचे स्वागतही टिपले. (या देशातल्या पहिल्या वार्ताचित्राचा नायक गणिताचा विद्वान होता, याचा निदान प्राध्यापकवर्गाने तरी अभिमान धरायला हरकत नव्हती. पण तो कुणी धरल्याचे ऐकिवात नाही.)

आपल्याकडे 'पहिला कोण' हा वाद मोठ्या हिरिरीने खेळला जातो. तो खेळला जातो तोरणे यांचा 1912 चा 'पुंडलीक' आणि फाळके यांचा 1913 चा 'राजा हरिश्चंद्र' यांच्यात. संताच्या गोष्टीचा पुंडलीक आधी की पुराणातला हरिश्चंद्र आधी, एवढाच त्याचा पैस. 1899 च्या मल्ल पुंडलीकाला आणि त्याला टिपणाऱ्या भाटवडेकर नावाच्या हरिश्चंद्राला त्या वादात उभे राहायलाही जागा नाही, कारण त्यांच्याजवळ सांगायला कथानक नव्हते. इतिहासाने दोन्ही नावे आयतीच हाती ठेवली होती. आपण त्यांच्याकडे पाहिले नाही.

आणि सातारा-सांगलीकडच्या माणसाला कुस्तीची फीत पाहायला शिकवावे लागावे, यापरता विनोद नाही. कऱ्हाडजवळच्या गोळेश्वरच्या खाशाबा जाधवांनी 1952 मध्ये हेलसिंकीहून पदक आणले, तो हा मुलूख. जत्रेतल्या मैदानात हलगी कडाडते, खडाखडी होते, एक जण पटाला शिरतो, दुसरा वरून दाब देतो. भोवतीच्या मातीत बसलेला शेतकरी त्या क्षणी काय पाहत असतो? कोण चांगला, कोण वाईट, याच्याशी त्याला कर्तव्य नसते. भार कुठे आहे, तोल कुठे ढळतो आहे, डावाला प्रतिडाव कसा बसतो, आणि सारे थांबल्यासारखे वाटत असतानाच ताण कसा वाढतो आहे, हे तो पाहतो. तो दाद देतो ती डावाला. एका स्थिर चौकटीत दोन देहांनी अवकाश कसा घडवला, हे त्याला कळते. फक्त ते त्याच्याजवळ या शब्दांत नसते. शब्द आमच्याजवळ आहेत, पण आम्हाला ते दिसत नाही. परीक्षकांच्या खुर्च्यांवर त्या दिवशी तीन प्राध्यापकांऐवजी तीन वस्ताद बसले असते, तर त्या मुलीच्या फितीचे बरे चालले असते अशी आमची समजूत आहे.

दुसरे उदाहरण फाळके यांचे. दादासाहेब फाळके म्हटले की आपण थेट 3 मे 1913 वर उडी घेतो. त्याआधी 1912 च्या वसंतात लंडनहून विल्यमसन कॅमेरा घेऊन परतलेल्या या माणसाने प्रथम काय केले? कुंडीत वाटाणा पेरला. कॅमेरा तिच्यासमोर रोखून ठेवला आणि महिनाभराहून अधिक काळ, कुंडी न हलवता, कॅमेरा न हलवता, चौकटीमागून चौकट घेत राहिला. 'अंकुराची वाढ' ही ती छोटीशी फीत. बीज फुटते, कोंब डोके वर काढतो, वेल आधार शोधत वळवळते. ती पाहून यशवंतराव नाडकर्णी यांनी कर्ज दिले आणि त्यातून पुढचा सारा इतिहास घडला. आपल्या चरित्रकारांना त्या फितीतले एवढेच महत्त्वाचे वाटते : तिच्यामुळे भांडवल मिळाले. जणू ती फीत म्हणजे तारण ठेवलेला दागिना.

थोडे थांबून त्या कुंडीकडे पाहू. फाळके यांनी इथे जे केले ते कथेला कधीच करता येत नाही. वाटाण्याची वाढ सगळ्यांच्या डोळ्यांसमोर होत असते आणि तरीही ती कुणालाच दिसत नाही, कारण तिचा वेळ आणि आपल्या डोळ्याचा वेळ यांचा मेळ नसतो. फाळके यांनी वेळेचे तुकडे केले, मधला वेळ टाकून दिला, उरलेले तुकडे जोडले. आणि जे होत असूनही दिसत नव्हते ते दिसू लागले. यात खोटे काहीच नाही. पान न् पान खरे आहे. पण जे दिसते ते एरवी कुठेही अस्तित्वात नसते. ते केवळ फितीवर, केवळ त्या रचनेत असते. वास्तवाशी प्रामाणिक राहून वास्तवात न सापडणारे काही घडवायचे, हा माहितीपट या कलाप्रकाराचा सगळा पेच त्या एका कुंडीत सामावला आहे. इंग्लंडमध्ये पर्सी स्मिथ याने 1910 मध्ये उमलत्या फुलांवर हाच प्रयोग केला होता. योरिस इव्हेन्स याने अ‍ॅमस्टरडॅममधल्या कित्येक महिन्यांच्या पावसाचे तुकडे जोडून 1929 मध्ये 'रेन' नावाची एकच सर उभी केली. त्याच वर्षी झिगा व्हेर्तोव्हचा 'मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा' आला. जगभरच्या चित्रपटाभ्यासकांनी या फितींची चौकट न् चौकट मोजली आहे. आम्ही फाळके यांच्या कुंडीतून कर्जाची रक्कम तेवढी उचलली.

त्या मुलीने खिडकीच्या गजाला फोन बांधून केले ते नेमके हेच. तिने फाळके यांचे नाव ऐकले असेल, कुंडीचे नक्कीच ऐकले नसेल. ते तिला आम्ही कुठे शिकवले होते? पण सांगलीत वाढलेल्या कुणालाही ही दृष्टी आपसूक येते. पावसाळ्यात गावात एकच प्रश्न असतो : आयर्विनला पाणी किती? चाळीस फुटांवर इशारा, पंचेचाळीसला धोका; 2019 च्या ऑगस्टमध्ये ते सत्तावनच्याही वर गेले. स्थिर पूल, चढते पाणी, तासातासाला वाचला जाणारा आकडा. अख्खे शहर एका चौकटीकडे डोळे लावून बसते. या अनुभवाला रूप द्यायचे तर ते कथानकाचे कसे असेल? पुराला नायक नसतो, कळसाध्याय नसतो. पाणी चढते, थांबते, उतरते. ज्या मुलीने विषयाला साजेसे रूप शोधले तिला आम्ही रूप नाही म्हणून नापास केले.

आता मूळ दुखण्याकडे येतो. मराठीच्या पदवी आणि पदव्युत्तर वर्गांत चित्रपट शिरला तो बहुतांशी 'माध्यमांतर' या दारातून. कादंबरी वाचायची, तिच्यावरचा चित्रपट पाहायचा आणि काय गळले, काय वाढवले, शेवट कसा बदलला याची यादी करायची. आटपाडी-माणदेशाच्या माळावरची 'बनगरवाडी' घ्या आणि अमोल पालेकर यांचा 1995 चा चित्रपट घ्या. साम्यभेद सांगा, गुण दहा. या व्यवहारात चित्रपट कायम ऋणको आणि कादंबरी सावकार. माळाची आडवी रेघ पडद्यावर कुठून कुठे जाते, धुळीतून येणारा कळप चौकट कशी भरतो आणि रिकामी करतो, यावर एका गुणाचाही प्रश्न निघत नाही. ज्या फितीमागे कादंबरीच नाही, तिचे तर माध्यमांतर होऊच शकत नाही. म्हणून माहितीपट हा प्रकार अभ्यासक्रमाच्या दाराबाहेरच राहतो. स्वतंत्रपूर म्हटले की आपल्याला 1957 चा 'दो आँखें बारह हाथ' आठवतो. औंध संस्थानाने आटपाडीजवळ वसवलेली ती भिंती नसलेली कैद्यांची वसाहत आपल्यापर्यंत येते ती शांतारामबापूंच्या गोष्टीच्या रूपाने. वसाहत स्वतः कशी दिसते, हे पाहायला सहल नेण्याचे मराठी विभागाला सुचत नाही.

आमच्यावर एक आक्षेप ठरलेला आहे. दुष्काळ, ऊसतोड, स्थलांतर, जात हे प्रश्न दारात उभे असताना तुम्ही चौकटी आणि लय कसली मोजता? रूपाची चर्चा ही भरल्या पोटांची चैन आहे. हा आक्षेप घेणाऱ्यांत आमचे जिवाभावाचे मित्र आहेत आणि त्यांची कळकळ खोटी नाही. पण या मित्रांचे माहितीपट आम्ही पाहिले आहेत. भेगाळलेली जमीन, डोक्यावर हंडे, सुरकुतलेला चेहरा आणि त्यावर एका गंभीर आवाजातले निवेदन. माण तालुक्यातला दुष्काळ आणि मराठवाड्यातला दुष्काळ यांच्या फिती एकमेकींच्या जागी ठेवल्या तरी निवेदन चालते. ज्या चित्राच्या जागी दुसरे कोणतेही चित्र चालते त्या चित्राने काही दाखवलेले नसते. तो मजकूर वर्तमानपत्रात छापला असता तर काय बिघडले असते? विषय महत्त्वाचा म्हणून कृती महत्त्वाची, हा न्याय आम्ही कवितेला लावत नाही. फितीला मात्र बिनदिक्कत लावतो. आणि कुंडीतला वाटाणा ही भरल्या पोटाची चैन कशी? पेरलेले उगवते की नाही याकडे महिनाभर डोळे लावून बसणे, हे या महाराष्ट्रात नेमके कोणाचे काम आहे?

खरे तर रूपाकडे पाहण्याचे शास्त्र आम्हाला परक्याच्या दारी मागायला जायची गरज नव्हती. सातारा जिल्ह्यातले मर्ढे हे बा. सी. मर्ढेकरांचे मूळ गाव. ज्यांच्या आडनावातच हा जिल्हा आहे त्या मर्ढेकरांनी लयीचे तीन नियम मांडले : संवाद, विरोध आणि समतोल. एम.ए.चा प्रत्येक विद्यार्थी ते पाठ करतो, उत्तरपत्रिकेत ओततो आणि विसरतो. आम्ही एकदा ते त्या मुलीच्या फितीला लावून पाहिले. पायऱ्यांच्या आडव्या रेघा आणि पाण्याची आडवी रेघ, यांचा संवाद. दिवसाच्या करड्या चौकटी आणि रात्रीच्या काळ्या चौकटी, यांचा विरोध. सुरुवातीला रिकामी असलेली भिंत आणि शेवटी तिच्यावर उमटलेली तपकिरी रेघ, यांच्यात साधलेला समतोल. कवितेला लावताना जे नियम अनेकदा ओढूनताणून लावल्यासारखे वाटतात ते इथे अलगद बसले. याचे आश्चर्य वाटायला नको. मर्ढेकरांचा सौंदर्यविचार रंग, रेषा, नाद अशा इंद्रियगोचर घटकांपासूनच निघतो. साहित्याकडे येताना मात्र त्यांना भावनात्मक अर्थाची वेगळी मांडणी करावी लागली आणि टीकाकारांनी त्यांना कोंडीत पकडले तेही तिथेच.

तरीही नुसत्या मर्ढेकरांवर भागत नाही, हे आम्ही कबूल करतो. त्यांच्या सौंदर्यविश्वात लौकिकाला प्रवेश जपून मिळतो. माहितीपटाचे द्रव्यच लौकिक आहे. ती स्कूटर कुणाची तरी होती. ती बुडताना दिसते तेव्हा काळ्या-करड्याची रचना आणि कुणाचे तरी हप्ते, ही दोन्ही एकाच वेळी डोळ्यांसमोर असतात आणि एकमेकांना पुसत नाहीत. रूपवादी म्हणेल हप्ते विसरा; आशयवादी म्हणेल रचना विसरा. चांगली फीत दोघांचेही ऐकत नाही. गेल्या साठ-सत्तर वर्षांत कलावाद आणि जीवनवाद यांच्या नावाने मराठी समीक्षेत जेवढी शाई वाहिली तिचा निकाल लावायला ही दीड मिनिटे पुरेशी होती, असे आम्ही थोडी अतिशयोक्ती पत्करून म्हणतो.

दृश्याची परंपरा या भागाला नाही, असे कुणी म्हणू नये. सांगली म्हणजे नाट्यपंढरी. 1843 चे 'सीतास्वयंवर' आम्ही दर वर्षी आठवतो. पण त्याच विष्णुदास भाव्यांनी लाकडी बाहुल्या घडवल्या होत्या आणि पुढे रामदास पाध्ये यांनी त्या पुन्हा हलत्या केल्या, हे सांगलीच्या किती नाट्यभाषणांत येते? औंधचे भवानराव पंतप्रतिनिधी स्वतः चित्रकार. त्यांनी रामायण चित्रांतून मांडले, औंधच्या डोंगरावर संग्रहालय उभारले. तिथे रविवर्म्यापासून हेन्री मूरपर्यंत सारे पाहायला मिळते. त्यांच्याच सूर्यनमस्काराच्या पुस्तकात एकच देह एकेका अवस्थेत थांबवून दाखवला आहे. एका हालचालीच्या दहा स्थिर चौकटी! पाने भरभर उलटली तर राजा नमस्कार घालताना दिसेल, असे आमच्यातल्या एकाला नेहमी वाटते. औंधला जाणाऱ्या शैक्षणिक सहली यमाईचे दर्शन घेतात, संग्रहालयातून अर्ध्या तासात बाहेर पडतात आणि बसमध्ये अंताक्षरी खेळतात.

सरकारी फितींची गोष्ट तर आणखी चमत्कारिक. मुख्य चित्रपटाआधी फिल्म्स डिव्हिजनचा माहितीपट दाखवण्याची सक्ती होती तेव्हा साताऱ्या-सांगलीच्या चित्रपटगृहांतही तो लागायचा आणि आपण तो वेळ शेंगा विकत घेण्यात घालवला. त्यात धरणे-कालव्यांची रटाळ भरताड होती, हे खरेच. पण जाँ भावनगरी यांच्या पाठबळाने 1960 च्या दशकात त्याच संस्थेत सुखदेव, शास्त्री, प्रमोद पती अशी माणसे काही वेगळेच करत होती. पती यांचा 1968 चा 'एक्सप्लोरर' आजही डोळ्यांना धाप लावतो. 1972 च्या 'अबिद'मध्ये त्यांनी चित्रकार-लेखक आबिद सुरती यांना चौकटीमागून चौकट टिपले आणि जिवंत माणूस बाहुलीसारखा खोलीभर सरकू लागला. फाळके यांच्या कुंडीपासून मोजली तर बरोबर साठ वर्षे; तंत्राचे मूळ तेच. ही वंशावळ मराठीत मांडणारे अरुण खोपकरांसारखे लेखक आपल्याकडे आहेत. त्यांच्या 'चलत्-चित्रव्यूह'ला 2015 मध्ये साहित्य अकादमीचा पुरस्कारही मिळाला. पुरस्काराचे अभिनंदन मराठी विभागांनी फलकावर लावले. पुस्तक वर्गात नेले का?

आमची मागणी फार मोठी नाही. माध्यमांतराची प्रश्नपत्रिका एक वर्ष बाजूला ठेवा. त्या तासांना एकेक छोटी फीत दाखवा. 'रेन' दाखवा, 'अबिद' दाखवा, 1917 च्या सुमारास फाळके यांनीच केलेल्या 'चित्रपट कसे तयार करतात' या फितीचा उरलेला तुकडा दाखवा. त्यात ते स्वतः हातात फीत धरून उजेडाकडे पाहताना दिसतात. एकदा दाखवून झाली की पुन्हा दाखवा, या वेळी आवाज बंद करून. मग विचारा, काय दिसले? आशय विचारू नका, तात्पर्य विचारू नका. पहिले दोन-तीन तास वर्गात शांतता पसरेल. ती सोसायची तयारी ठेवा. शिक्षकालाही काही सांगता येणार नाही, आणि हीच या तासांची खरी अडचण आहे.

ती मुलगी आता शिकून बाहेर पडली आहे. हा लेख लिहिण्यापूर्वी आम्ही तिला शोधून काढले आणि ती फीत पुन्हा पाहायला मागितली. तिला जरा नवल वाटले. मूळ छायाचित्रे तिच्याजवळ नव्हती. फोनमध्ये जागा उरली नाही म्हणून त्याच वर्षी पुसून टाकली होती. मावशीच्या व्हॉट्सअ‍ॅपवर पूर्वी पाठवलेली एक प्रत सापडली. ती इतकी आक्रसलेली होती की पायऱ्या आणि पाणी यांच्यातली रेघ ओळखू येत नव्हती. भाटवडेकरांची कुस्तीही आज पाहायला मिळत नाही. "सर, तुम्हाला तेव्हा आवडली होती का?" तिने विचारले. आवडली होती, असे आमच्यातल्याने सांगितले. "मग?" ती म्हणाली.